रडण्याची कीर्द-खतावणी

घरात तान्हे बाळ आले की घराचे घड्याळ बदलते. दुकानाला उघडण्या-मिटण्याची वेळ असते, बाळाच्या हाकेला नसते. आणि या हाकेची भाषा घरातील कोणालाच आधीपासून येत नसते, चार मुले वाढविलेल्या आजीलाही नाही. हे मी स्वतःच्या चुकीवरून सांगते आहे.

गेल्या वर्षी सून बाळाला घेऊन माहेरून परतली तेव्हा नातू सहा आठवड्यांचा होता. दिवसभर शहाण्यासारखा असे. दिवेलागण झाली की मात्र जे रडणे सुरू होई, ते नऊ-साडेनऊपर्यंत चाले. नेमकी हीच वेळ दुकानातील गर्दीची. घरात आम्ही दोघीच. चौथ्या दिवशी माझ्या तोंडून निघून गेले, "अगं, त्याला दूध पुरत नसेल. वरचे दूध सुरू करू या." सून काही बोलली नाही. बाळाला घेऊन आत गेली. त्या रात्री खोलीतून दोन रडण्याचे आवाज आले. एक बाळाचा, दुसरा दाबून ठेवलेला.

दुसऱ्या दिवशी आम्ही बालरोगतज्ज्ञांकडे गेलो. त्यांनी बाळाला तोलले. वजन दिवसाला सरासरी ३० ग्रॅमने वाढत होते. दिवसातून सहाहून अधिक लंगोट ओले होत होते. डॉक्टर म्हणाले, "दूध भरपूर आहे. दूध पुरते की नाही हे वजन आणि ओले लंगोट सांगतात, रडणे नव्हे. संध्याकाळी बाळे पुन्हा पुन्हा प्यायला मागतात. त्याचा अर्थ दूध आटले असा नाही." मी मान खाली घातली.

त्यांनी आणखी एक गोष्ट समजावली. अमेरिकेतील बालरोगतज्ज्ञ बेरी ब्रॅझेल्टन यांनी १९६२ मध्ये ८० निरोगी बाळांच्या रडण्याची नोंद प्रसिद्ध केली. सहाव्या आठवड्याच्या सुमारास ही बाळे दिवसाला सुमारे पावणेतीन तास रडत, तेही मुख्यतः संध्याकाळी. पुढे ते रडणे आपोआप कमी होत गेले. म्हणजे आमच्या घरी जे चालले होते तो कोणाचा दोष नव्हता. ते वयच तसे होते.

नातवाच्या आजोबांनी हे ऐकले आणि कपाटातील एक कोरी वही काढली. पन्नास वर्षे हिशेब लिहिलेला माणूस! म्हणाले, "आधी कीर्द लिहा, मग खतावणी करू." बाळ रडले की वेळ लिहायची. शेवटचे दूध केव्हा, झोप केव्हा, लंगोट कसा आणि कशाने शांत झाले, एवढेच. आठवड्याने त्या नोंदी खात्यांत उतरविल्या, तेव्हा जे कानाला कळत नव्हते ते कागदावर दिसू लागले.

पहिले खाते भुकेचे. बाळ आधी मान वळवून शोधते, ओठ चाळवते, मूठ तोंडाकडे नेते. त्याकडे लक्ष गेले नाही तर थांबून थांबून, एका लयीत रडते आणि आवाज चढत जातो. रडणे ही भुकेची उशिरा आलेली खूण आहे. मूठ चोखतानाच पदराखाली घेतले तर रडण्याची वेळच येत नाही.

दुसरे खाते झोपेचे. या वयाचे बाळ तास-दीड तास जागले की थकते. नजर चुकवते, जांभया देते, मग किरकिरते. अशा वेळी आपण खुळखुळा वाजवून त्याला आणखी थकवतो. दिवा मंद करावा, पाहुण्यांना बाहेरच्या खोलीत बसवावे.

तिसरे खाते अंगाच्या अडचणीचे. ओला लंगोट, अडकलेला ढेकर, उकाडा, झबल्याची रुतणारी नाडी, पायाच्या बोटाला गुंडाळलेला केस. बाळाला उघडे करून नखशिखान्त पाहावे. मानेमागे हात लावला की उकडते आहे का ते कळते.

चौथे खाते वेदनेचे. अचानक फुटलेली, लांबलेली किंकाळी आणि मग श्वास रोखल्यासारखा क्षण. हा आवाज ऐकताच हातातले काम टाकावे.

मात्र नुसत्या आवाजावरून नेमके कारण ओळखता येईल असे मानू नये. आवाज, वेळ आणि आधी काय घडले, या तिन्हींचा मेळ घातला तरच ताळा जुळतो.

आणि पाचवे खाते? आजोबांनी त्याला 'उचल' असे नाव दिले. दूध झाले, झोप झाली, लंगोट कोरडा, तरी रडणे चालूच. अशा वेळी बाळाला छातीशी धरून शांतपणे चालावे. कॅनडातील १९८६ च्या एका अभ्यासात रोज अधिक वेळ कडेवर घेतलेली बाळे सहाव्या आठवड्यात इतरांपेक्षा ४३ टक्के कमी रडली. "सवय लागेल" ही भीती या वयात बाळगू नये. कधी कधी इतके करूनही रडणे थांबत नाही. तेव्हाही आपले असणे वाया जात नाही.

काही गोष्टी कटाक्षाने टाळाव्यात. सहा महिन्यांपर्यंत पाणी, घुटी काहीही देऊ नये आणि मध तर वर्ष पूर्ण होईपर्यंत देऊ नये. झोपेचे औषध तर नाहीच. धुरीच्या धुराने कोवळ्या श्वासाला त्रास होतो. आणि कितीही संताप आला तरी बाळाला गदागदा हलवू नये, त्याने मेंदूला इजा होते. हात थरथरू लागले तर बाळाला पाळण्यात उताणे ठेवून पाच मिनिटे बाजूला व्हावे, दुसऱ्याला हाक मारावी.

तीन महिन्यांच्या आतील बाळाला १००.४ अंश फॅरनहाइट किंवा अधिक ताप, हिरवी उलटी, शौचात रक्त, दूध नाकारणे, झटके, फुगलेली टाळू, मलूलपणा किंवा नेहमीपेक्षा वेगळे, क्षीण कण्हणे दिसले तर वही बाजूला ठेवून तत्काळ डॉक्टरांकडे जावे.

आमच्याकडे तिसरा महिना सरता सरता संध्याकाळ शांत झाली. वही चाळताना माझ्या ध्यानात आले की, बाळाची प्रत्येक झोप त्यात होती, पण त्याच्या आईची एकही नव्हती. मी सुनेला म्हटले, "माझे त्या दिवशीचे बोलणे चुकले गं." ती म्हणाली, "आई, तुम्ही नंतर रोज संध्याकाळी त्याला फिरवलेत, तेव्हाच ते पुसले गेले."

ज्यांच्या घरी नुकता पाळणा हलला आहे, त्यांनी एक सहावे खातेही उघडावे. त्यात रोज आईची सलग दोन-तीन तासांची झोप जमा व्हायला हवी. ती जमा करण्याचे काम आजीचे, आजोबांचे आणि दुकानातून थोडे लवकर घरी येणाऱ्या बाबाचे आहे.