सव्वीस इंची म्हणजे नक्की कुणाची उंची?

नवीन वर्ष सुरू झालं की हॉस्टेलच्या नोटीस बोर्डवर 'सायकल विकणे आहे'चे कागद लागतात. त्यावर काय काय असतं? रंग, गिअर किती, डिस्क ब्रेक आहे की नाही, किंमत आणि खाली लाल पेनाने 'फिक्स रेट'. विकणाऱ्याची उंची मात्र एकाही कागदावर नसते. माझं मत विचाराल तर बाकीचं सगळं खोडलं तरी चालेल, तेवढी एक गोष्ट लिहा!

नवीन सायकल घ्यायला दुकानात जा, तिथेही तेच. दुकानदार आपल्याकडे एकदा खालून वर बघतो आणि सांगतो, "सव्वीस बसेल तुम्हाला." आपणही मान डोलावतो. पण हे सव्वीस म्हणजे चाकाचं माप. टायरसकट चाकाचा अंदाजे व्यास. त्याचा आपल्या पायांशी थेट संबंध नाही. आपल्याशी संबंध असतो तो फ्रेमचा, म्हणजे सीटखालची उभी नळी किती लांब आणि सीटपासून हँडल किती दूर याचा. त्याच सव्वीस इंची चाकांवर १५ इंची फ्रेमही येते आणि १९ इंचीसुद्धा. चपलेचं माप विचारल्यावर खोक्याचं माप सांगण्यातलाच हा प्रकार आहे.

गंमत म्हणजे आजोबांच्या काळातल्या त्या काळ्या, २८ इंची चाकांच्या सायकलीत निदान २२ आणि २४ इंची अशा दोन फ्रेम तरी मिळायच्या. पण घरात सायकल एकच, आणि ती आजोबांच्या मापाची. पोरं मग दांडीखालून पाय घालून वाकडी-तिकडी होत शिकायची. शिकली हे खरं, कौतुकही आहे. पण त्यातून एक गोष्ट आपल्या डोक्यात कायमची 'फिट' झाली, की सायकल आपल्या मापाची करायची नसते, आपणच तिच्या मापाचं व्हायचं असतं.

सपाटीवर हे खपून जातं. कोल्हापुरातून निघालात तर केर्लीपर्यंत कुठलीही सायकल बरीच वाटते. वाघबीळ सोडलं आणि पन्हाळ्याचा चढ सुरू झाला की कळतं. सीट खाली असली की गुडघा सरळ व्हायलाच मिळत नाही, आणि गुडघा जेवढा जास्त वाकलेला असताना जोर लावाल तेवढा वाटीवर दाब जास्त येतो. हे स्टॅटिक्सवाल्यांनी कागदावर काढून बघावं, अवघड नाही. सीट फार वर असली तर उलटं. कंबर डावी-उजवीकडे हलत राहते आणि गुडघ्याच्या मागे दुखायला लागतं. आणि चढावर थांबायची वेळ आली, पाय जमिनीला टेकायच्या आधी दांडीच लागली, तर काय होतं ते इथे छापता येणार नाही.

अशा वेळी बरोबरचे म्हणतात, "हिच्यात दमच नाही." मला याचाच राग येतो. माझी उंची पाच फूट एक इंच. माझ्याएवढ्या उंचीच्या कितीतरी मुली फर्स्ट इयरला हौसेनं सायकल आणतात आणि दिवाळीनंतर ती स्टँडला गंजत पडलेली दिसते. सगळ्या सांगतात, 'मला नाही झेपत.' अगं, तुला झेपतं, ती सायकल तुझी नाही! आणि 'लेडीज सायकल' हे काही माप नव्हे. दांडी खाली वाकवली की चढा-उतरायला सोपं जातं, पण म्हणून हँडल जवळ येत नाही.

अमेरिकेतल्या जॉर्जिना टेरी या बाई आपल्यासारख्याच मेकॅनिकल इंजिनिअर. १९८५ साली त्यांनी बायकांसाठी सायकली बनवायची कंपनी काढली. फ्रेम छोटी केली की पाय पुढच्या चाकाला अडकतो, यावर त्यांनी उपाय काढला तो म्हणजे लहान मापात पुढचं चाकच २४ इंची बसवलं. दिसायला विचित्र, पण बाईला चाकाच्या मापाचं करण्यापेक्षा चाकाला बाईच्या मापाचं केलं. याला मी डिझाइन म्हणते.

आपल्याला एवढं करायची गरज नाही. एक जाड वही आणि टेप पुरे. 'इनसीम'ला मराठीत काय म्हणतात ते आमच्या कॉन्व्हेंटात शिकवलं नाही, म्हणून सरळ सांगते. अनवाणी भिंतीला टेकून उभे राहा, वही दोन पायांच्या मधे सीटसारखी वरपर्यंत घट्ट दाबा, आणि वहीच्या वरच्या कडेपासून जमिनीपर्यंत मोजा. त्याला ०.८८३ ने गुणा. जे येईल ते पायडलच्या क्रँकच्या मध्यापासून सीटच्या माथ्यापर्यंतचं अंतर. ७० सेंटिमीटर असेल तर साधारण ६२. उंची सारखी असली म्हणून हे सारखं येतं असं नाही, हे महत्त्वाचं. रूममेटचे पाय तुमच्यापेक्षा ५ सेंटिमीटर लांब असतील तर तिची सीट साडेचार सेंटिमीटरच्या आसपास वर जाणार. हे सूत्र काही देववाणी नाही, इथून सुरुवात करून थोडं खाली-वर करायचं. पायडल तळाला असताना गुडघा किंचित वाकलेला, २५ ते ३५ अंश, असला की जमलं. आणि सीटवर बसून दोन्ही तळवे जमिनीला टेकलेच पाहिजेत हा हट्ट सोडा. बरोबर उंचीच्या सीटवरून फक्त चवडे टेकतात. मात्र खाली उतरून उभे राहिलात की दांडी आणि तुमच्यामधे दोन बोटं तरी जागा हवी. ती नसेल तर फ्रेमच मोठी आहे, सीट कितीही खाली घ्या, उपयोग शून्य.

आता रेक्टर सरांना आणि ऑफिसला विनंती. स्टँडवर वर्षानुवर्षं पडून असलेल्या सायकली भंगारात देण्याआधी एकदा अदलाबदल होऊ दे. सहा फुटी सीनिअरची सायकल मेसमधल्या मावशींकडे आणि छोटी सायकल थर्ड इयरच्या लंबूकडे, असं सध्या चाललंय, ते एका रविवारी सकाळी सरळ करता येईल. मेकॅनिकलची मुलं टेप घेऊन उभी राहतील, त्यांची जबाबदारी मी घेते. आणि सीटपिन सैल करायला एक पाना वॉचमन काकांच्या केबिनमध्ये कायमचा ठेवा. फक्त साखळीने बांधून ठेवा, आपल्या हॉस्टेलात पाना एक दिवसापेक्षा जास्त टिकत नाही.