बदली आली, ओळख कशाला शोधता?

एप्रिल-मे आला की ठाणे-कल्याण-डोंबिवलीतल्या कितीतरी घरांत कैरीच्या लोणच्याइतकीच चर्चा असते ती बदल्यांची. तहसील कार्यालय असो की सरकारी दवाखाना, यादीत नाव दिसलं की घरातला पहिला प्रश्न ठरलेला, ‘‘आपल्या ओळखीचं कोण आहे गं मंत्रालयात?’’ कायदा काय म्हणतो, हे मात्र कुणी विचारत नाही.

बदली सगळ्यांनाच जड जाते, पण बाईला जरा जास्तच. डोंबिवलीहून लोकलने ठाण्याला जाणारीची बदली मुरबाडला झाली, तर तिथे रेल्वे नाही. कल्याणला उतरून एसटी पकडायची. मग मुलांना शाळेतून कोण आणणार, सासूबाईंची औषधं कोण बघणार? नवऱ्याची बदली झाली की घर ‘ॲडजस्ट’ करतं. हिची झाली की ‘‘सोड ना नोकरी’’ असं सहज म्हटलं जातं!

मैत्रिणींनो, आपल्या राज्यात बदल्यांसाठी २००५ चा कायदा आहे. तो १ जुलै २००६ पासून लागू झाला. एका पदावर साधारणपणे तीन वर्षं, आणि बदल्या वर्षातून एकदाच, एप्रिल किंवा मेमध्ये, असं तो सांगतो. मध्येच हलवायचं असेल तर खास कारण लेखी नोंदवावं लागतं आणि वरच्या अधिकाऱ्यांची आधी मंजुरी लागते. नुसतं ‘प्रशासकीय कारणास्तव’ लिहून काढलेले मुदतपूर्व आदेश महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाने, म्हणजे ‘मॅट’ने, रद्द केल्याची उदाहरणं आहेत. मॅट राज्य सरकारी कर्मचाऱ्यांसाठी आहे. जिल्हा परिषद आणि महापालिकेतल्या बायकांची वाट वेगळी, त्यांनी आधी वकिलाला विचारावं.

पण एक गोष्ट स्पष्टच सांगते. ‘माझी गैरसोय होते’ एवढ्यावर कोर्ट सहसा बदली थांबवत नाही. सर्वोच्च न्यायालयापुढे एकदा बिहारच्या शिक्षिकांचं प्रकरण होतं. त्यांना विनंतीवरून नवऱ्याच्या गावाजवळ आणलं, म्हणून तिथल्या दुसऱ्या शिक्षकांना हलावं लागलं, आणि ते कोर्टात गेले. न्यायालयाने सांगितलं, एकाच जागी राहण्याचा हक्क कुणालाच नाही. नियम मोडला असेल किंवा आकसाने बदली केली असेल, तरच कोर्ट हात घालेल. २०२२ च्या निकालातही नवरा-बायकोला एकत्र ठेवणं हा हक्क मानला गेला नाही. मात्र धोरण आखताना सरकारने बाईवरचा घराचा भार आणि कौटुंबिक जीवन लक्षात घ्यायला हवं, असं न्यायालयाने बजावलं.

म्हणजे अर्जात रडगाणं नको, तारखा हव्यात. या पदावर कधी रुजू झाले, किती महिने झाले, आदेश कधीचा, कारण काय लिहिलंय? मुख्य म्हणजे ‘मी कोर्टात गेलेय’ म्हणून नव्या जागी जायचं टाळू नका. स्थगिती मिळाली नसेल तर रुजू व्हावंच लागतं, नाहीतर उलट आपल्यावरच कारवाई होते. म्हणून धावपळ करायची ती पहिल्या आठवड्यातच.

आणि वशिला? सरकारी नोकराने बाहेरून दबाव आणू नये, असं १९७९ चे वर्तणूक नियमच सांगतात. ते राहू दे बाजूला. आपली बदली साहेबांच्या फोनने रद्द होते, तेव्हा त्या गैरसोयीच्या जागी दुसरं कुणीतरी जातं. तिचंही पोर शाळेत असतं, तिच्याही घरी म्हातारी माणसं असतात, फक्त तिच्या ओळखीचं कुणी नसतं. कायद्याने मिळवलेला न्याय पुढच्या बाईच्याही उपयोगी पडतो, फोनने मिळवलेली सवलत मात्र एकीचीच. तेव्हा यंदा यादीत नाव आलंच, तर ओळख शोधण्याआधी आदेशाची प्रत मागा आणि चष्मा लावून तिच्यातलं कारण वाचा.