पद सोडण्याचे धैर्य

नोकरीत वरची जागा मिळाली की माणूस मोठा झाला, अशी आपल्याकडे सार्वत्रिक समजूत आहे. उत्तम शिकवणारा शिक्षक मुख्याध्यापक होतो आणि वर्गाला पारखा होतो. व्यासंगी संशोधक संचालक होतो आणि फायलींच्या ढिगाआड दिसेनासा होतो. डेव्हिड अ‍ॅटनबरो यांच्या दीर्घ कारकिर्दीकडे या दृष्टीने पाहिले, तर तिचे महत्त्व पशुपक्ष्यांच्या मनोहर चित्रांपुरते मर्यादित नाही, हे ध्यानात येते.

१९२६ मध्ये जन्मलेल्या अ‍ॅटनबरो यांनी केंब्रिजला निसर्गविज्ञानाचा अभ्यास केला. बी.बी.सी.च्या नभोवाणी विभागाने त्यांचा अर्ज प्रथम नाकारला. पुढे १९५२ मध्ये ते दूरचित्रवाणीत दाखल झाले, तेही पडद्यामागचे निर्माते म्हणून. १९५४ मध्ये ‘झू क्वेस्ट’ या मालिकेचे नियोजित निवेदक, लंडनच्या प्राणिसंग्रहालयातील जॅक लेस्टर, आजारी पडले आणि ते काम अ‍ॅटनबरो यांच्याकडे आले. योगायोगाने मिळालेली ही भूमिका पुढे त्यांची ओळख ठरली.

परंतु केवळ निवेदक एवढाच त्यांचा लौकिक नव्हे. १९६५ मध्ये ते बी.बी.सी.च्या दुसऱ्या वाहिनीचे प्रमुख झाले. त्यांच्याच कारकिर्दीत, १९६७ मध्ये, त्या वाहिनीवर रंगीत प्रक्षेपण सुरू झाले. पाश्चात्त्य कलेचा इतिहास सांगणारी केनेथ क्लार्क यांची ‘सिव्हिलायझेशन’ ही मालिका त्यांनी घडवून आणली. आणि रंगांची गंमत प्रेक्षकांना कळावी म्हणून स्नूकरसारख्या खेळालाही पडद्यावर स्थान दिले. विद्वत्ता आणि रंजन यांत सोवळेओवळे न मानणारा हा प्रशासक १९६९ मध्ये दोन्ही वाहिन्यांच्या कार्यक्रमांचा संचालक झाला. महासंचालकपदासाठीही त्यांच्या नावाची चर्चा होती. नेमक्या अशा वेळी, १९७२-७३ च्या सुमारास, त्यांनी ते पद सोडले आणि ते पुन्हा कॅमेऱ्यासमोर आले. १९७९ मध्ये ‘लाइफ ऑन अर्थ’ ही तेरा भागांची मालिका प्रक्षेपित झाली, ती या निर्णयाचे फळ होय.

अशा मोठ्या मालिकेला काही वर्षांची तयारी लागते. प्रेक्षकांच्या परवाना शुल्कावर उभी असलेली संस्था तेवढा धीर धरू शकली, ही गोष्टही विसरता येणार नाही. व्यक्तीच्या धैर्याला संस्थेच्या धीराची जोड नसती, तर तो राजीनामा केवळ एक व्यक्तिगत साहस ठरला असता.

अ‍ॅटनबरो यांच्यावर एक आक्षेप घेतला गेला आहे. त्यांनी दीर्घकाळ अरण्याचे सौंदर्य दाखविले, पण चौकटीबाहेर पडणारी कुऱ्हाड पुरेशी दाखविली नाही. हा आक्षेप निराधार म्हणता येणार नाही. हवामानबदलावर त्यांनी २००६ मध्ये स्वतंत्र कार्यक्रम केला, समुद्रातील प्लॅस्टिकचा प्रश्न २०१७ च्या ‘ब्लू प्लॅनेट टू’मधून घरोघरी पोहोचला, २०२१ मध्ये ग्लासगो येथील जागतिक परिषदेत त्यांनी राष्ट्रप्रमुखांना उद्देशून भाषण केले. हे सारे आधी व्हावयास हवे होते. तथापि, ज्याने आधी पाहावयास शिकविले त्याचाच इशारा लोक ऐकतात, हेही तितकेच खरे. अनेक दशकांच्या अभ्यासाने मिळविलेला विश्वास नसता, तर त्या भाषणाची गणना इतर भाषणांतच झाली असती.

आपल्याला यातून घेण्यासारखे काय आहे? महाराष्ट्रात शिक्षकांना बारा वर्षांनी वरिष्ठ वेतनश्रेणी आणि चोवीस वर्षांनी निवडश्रेणी देण्याची तरतूद आहे. वर्ग न सोडता वेतन वाढावे, हे तत्त्व म्हणजे आपल्याला तत्त्वतः मान्य आहे. मान्य नाही ती प्रतिष्ठेची गोष्ट. सत्कार होतो तो खुर्चीचा, तीस वर्षे फळ्यासमोर उभे राहिलेल्या माणसाला मात्र “अजून तिथेच का?” असे विचारले जाते. हा प्रश्न विचारणे जोवर आपण थांबवीत नाही, तोवर आपल्या शाळा, प्रयोगशाळा आणि प्रक्षेपण केंद्रे आपली उत्तम माणसे बढती देऊनच गमावीत राहतील.