आधी परीक्षकाने गावं!

गेल्या महिन्यात सबमिशन संपलं त्या रात्री आमच्या हॉस्टेलच्या कॉमन रूममध्ये 'कट्यार काळजात घुसली' लावला होता. लॅपटॉप एक, पोरी पंधरा आणि मेसमधून आणलेला भेळेचा भत्ता. पडद्यावर खाँसाहेबांच्या वेषात सचिन पिळगावकर आले आणि मागून कोणीतरी ओरडलं, "महागुरू!" झालं! पुढची पाच मिनिटं खाँसाहेब काय बोलतायत ते कोणाला ऐकूच आलं नाही. कोणी दहापैकी मार्क देतंय, कोणी जजसारखी मान डोलावतंय. मीही त्यात होते. खरं सांगायचं तर सगळ्यात मोठा आवाज माझाच होता.

तास-दीड तासाने मात्र रूम चिडीचूप झाली. ते का झालं, हे सांगायचं म्हणून हा लेख. (माझं सगळं शिक्षण कॉन्व्हेंटमध्ये, मराठी थर्ड लँग्वेज. तेव्हा ऱ्हस्व-दीर्घाचे मार्क कापू नका, प्लीज.)

मला वाटतं, टीव्हीवर परीक्षक म्हणून फेमस झालेल्या माणसाचा सिनेमा बघताना आपण सिनेमा बघतच नाही. आपण बदला घेत असतो. इतकी वर्षं तू मार्क दिलेस ना, आता बघ आम्ही कसे देतो ते!

सचिनचंच घ्या. लहानपणापासून पडद्यावर असलेला हा माणूस. १९७५ च्या 'शोले'तला अहमद, १९८२ च्या 'नदिया के पार'चा हिरो, १९८८ च्या 'अशी ही बनवाबनवी'चा दिग्दर्शक आणि त्यातच साडी नेसून धमाल करणारा. पण आमच्या बॅचला आठवते ती झी मराठीवरच्या 'एका पेक्षा एक'मधली महागुरूंची खुर्ची. त्यावरून होणारी चेष्टा तर विचारूच नका, मोबाइल उघडला की एक तरी जोक असतोच. आणि एक गोष्ट आपण सोयीस्करपणे विसरतो. त्या खुर्चीत बसण्याआधी, २००५ मध्ये, 'नच बलिये'च्या पहिल्या सीझनला सचिन आणि सुप्रिया स्पर्धक म्हणून उतरले होते. नाव झालेलं असताना, दुसऱ्यांसमोर नाचले, मार्क घेतले आणि जिंकलेही.

आता याची दुसरी बाजू. जजचे सगळेच सिनेमे काही बघण्यासारखे नसतात, हे मान्य. 'सा रे ग म प'मध्ये गुरू म्हणून बसलेला हिमेश रेशमिया २००७ मध्ये 'आप का सुरूर'चा हिरो झाला. त्यात तो कोण होता? हिमेश रेशमियाच! गाणी गाजली, सिनेमा चाललाही, पण अभिनय शोधायला भिंग लागेल. तिकडे 'अमेरिकन आयडॉल'चा सायमन कॉवेल २००३ च्या 'स्केअरी मूव्ही ३'मध्ये दिसला, तोही सायमन कॉवेल म्हणूनच. २०१५ मध्ये करण जोहरने 'बॉम्बे व्हेल्वेट'मध्ये खलनायक केला. निदान दुसऱ्या कोणाचं तरी काम करायची हिंमत त्याने दाखवली, पण सिनेमा सपाटून आपटला आणि तो प्रयत्नही त्याच्याबरोबर गेला.

असं का होतं? मला वाटतं, खुर्चीची सवय. रिॲलिटी शोमध्ये जज कधी हरत नाही. चुकतो तो स्पर्धक, रडतो तो स्पर्धक, घरी जातो तोही स्पर्धक. शेवटचा शब्द जजचा. अशी वर्षानुवर्षं सवय झालेल्या माणसाला सिनेमात हरायला सांगितलं, मूर्ख दिसायला सांगितलं, तर ते जड जाणारच. म्हणून मग तो स्वतःचीच भूमिका करतो. तिथे फेल व्हायची भीती नाही.

'कट्यार' वेगळा वाटतो तो इथेच. पुरुषोत्तम दारव्हेकरांचं मूळ नाटक १९६७ चं. त्यातले खाँसाहेब म्हणजे वसंतराव देशपांडे, असं समीकरणच होतं. माझी आजी अजूनही दुसऱ्या कोणाला खाँसाहेब मानत नाही. सुबोध भावेने २०१५ मध्ये त्यावर सिनेमा केला आणि समोरासमोर बसवले दोन जज! खाँसाहेब सचिन, आणि पंडित भानुशंकर झाले शंकर महादेवन, जे त्याआधी २०१२ मध्ये हिंदी 'सा रे ग म प'च्या खुर्चीत बसले होते. (आपल्या लोकांसाठी खास माहिती: शंकर महादेवन आपल्यासारखेच कॉम्प्युटर इंजिनिअर! तेव्हा केटी लागलेल्यांनो, आशा सोडू नका.)

आणि गोष्ट कसली, तर दरबारातल्या गाण्याच्या स्पर्धेची. मार्क देणारे दोघे आता मार्क घ्यायला उभे. त्यात सचिनच्या वाट्याला आलेत ते हरणारे खाँसाहेब. पंडितजींसमोर पुन्हा पुन्हा हरणारे, त्या हरण्याने आतून जळणारे. शेवटी ते जिंकतात, पण बायकोने पंडितजींना शेंदूर खायला घालून त्यांचा आवाज घालवलेला असतो म्हणून. हे खाँसाहेबांना कळतं तेव्हा मिळालेला मान, हवेली, कट्यार सगळं एका क्षणात खोटं होतं. गाण्यांना गळाही सचिनचा नाही, मुख्यतः राहुल देशपांडेंचा, म्हणजे वसंतरावांच्या नातवाचा. स्वतः गाणारा माणूस दुसऱ्याच्या आवाजावर ओठ हलवत, हरलेल्या माणसाचं काम करतोय. काही ठिकाणी त्याचा अभिनय मला जरा मोठ्या आवाजातला वाटला, ते नाकारत नाही. पण हरल्यावरचा तो चेहरा बघताना आमच्यातल्या एकीलाही 'महागुरू' आठवला नाही. शंकर महादेवनही अभिनय करतोय असं दाखवायला जात नाहीत. शांत बसतात, शांत गातात आणि पंडितजी वाटतात. जमलंय दोघांना.

आता मी गप्प का झाले ते.

गेल्या गॅदरिंगच्या ऑडिशनला सिंगिंगच्या पॅनेलवर मी होते. का? तर इंग्लिश गाणी बरी म्हणते आणि कमिटीत ओळख. फर्स्ट इयरची एक मुलगी आली, कळवणकडची. डोळे मिटून काहीतरी संथ, आळवून म्हणायला लागली. मी वीस सेकंदांत हात वर केला आणि अगदी टीव्हीवरच्यासारखं म्हणाले, "नेक्स्ट!" सगळे हसले. मला सॉलिड वाटलं. ती "थँक्यू ताई" म्हणून निघून गेली.

त्या रात्री सिनेमात तेच पद लागलं.

ती मागच्या भिंतीला टेकून बसली होती. ओठ हलत होते, आवाज नव्हता. एकही जागा चुकत नव्हती. मी जे कापलं त्याला नाट्यपद म्हणतात, हेसुद्धा मला ऑडिशनच्या दिवशी माहीत नव्हतं. दहापैकी दोन मार्क दिले होते मी, अजून आठवतंय. दुसऱ्या दिवशी तिच्या रूमवर गेले, सॉरी म्हटलं, या वर्षी ये म्हटलं. "बघते ताई, एम थ्री राहिलाय," एवढंच म्हणाली. मला वाटत नाही ती येईल.

म्हणून गॅदरिंग कमिटीला आणि सरांना एक नम्र सूचना. यंदापासून ऑडिशनच्या पॅनेलवर जो बसेल, त्याने आधी सगळ्यांसमोर एक गाणं म्हणावं, नाचाच्या पॅनेलवर असेल तर नाचावं, नाटकाच्या असेल तर दोन मिनिटांचं स्वगत करावं. वाईट झालं तरी चालेल. घसा कोरडा पडणं म्हणजे काय, हे त्याला त्या दिवशी ताजं आठवलेलं असेल. आणि ज्या प्रकारातलं आपल्याला कळत नाही, त्याला मार्क देण्याऐवजी कळणाऱ्याला विचारावं. आपल्या मेसच्या मावशींना माझ्यापेक्षा जास्त नाट्यपदं येतात, हे मला आत्ता कळलंय.

आपण त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांच्या जिल्ह्यात शिकतो. १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये त्यांनी तारामती केली ती हॉटेलात स्वयंपाक करणाऱ्या अण्णा साळुंक्यांना. निवड करणारा माणूस स्वतः राबत होता, म्हणून त्याला ते दिसलं असेल.

(व्हायवाच्या आधी एक्स्टर्नलनेही एक सर्किट सोल्डर करून दाखवावं, असं लिहिणार होते. पण राहू दे, माझा एक पेपर बाकी आहे.)

बघा पटतंय का. यंदाच्या ऑडिशनला पॅनेलवर बोलावलं तर पहिलं गाणं मी म्हणेन, तेही मराठी. दहापैकी किती द्यायचे ते तुम्ही ठरवा. फक्त वीस सेकंदांच्या आत हात वर करू नका.