दुर्गम कोणाला?

गडचिरोलीविषयी लिहावयास बसले की आमच्या नागर लेखकांची लेखणी 'दुर्गम' या शब्दावाचून पुढे सरकत नाही. पाठोपाठ 'मागास' आणि 'नक्षलग्रस्त' ही विशेषणे येतात. आम्ही विचारतो, दुर्गम कोणाला? मुंबईस मध्य मानून वर्तुळ काढले तर भामरागड परिघाबाहेर पडते खरे. परंतु तेथील माडिया माणसास मंत्रालय काय सुगम आहे? मंत्रालयास मात्र कोणी दुर्गम म्हणत नाही. वैनगंगेकाठचे लोक आपल्या मुलखास झाडीपट्टी म्हणतात. भातकापणी आटोपली की तेथे रात्र रात्र नाटके रंगतात. ते नाव आमच्या लेखांत क्वचितच येते. मार्कंड्याची देवालयेदेखील 'विदर्भाचे खजुराहो' म्हटल्यावाचून आम्हांस दिसत नाहीत!

यावर कोणी म्हणतील, शब्दांचा कीस काढून काय लाभ? तेथे रस्ते हवेत, दवाखाने हवेत. ते हवेतच, पण शब्द निरुपद्रवी असतात हा भ्रम होय. वनस्पतिशास्त्र बांबूस गवत मानते. १९२७ च्या भारतीय वन कायद्याने त्यास झाडांच्या व्याख्येत बसविले आणि त्या आधारे वनखाते त्यावर हक्क सांगत राहिले. २००६ च्या वनहक्क कायद्याने बांबू गौण वनोपजांत घातला. २००९ साली धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गोंड गावास सुमारे १,८०० हेक्टर वनावर सामूहिक हक्क मिळाला. तरीही बांबूच्या वाहतुकीचे परवाने देण्याचा अधिकार ग्रामसभेच्या हाती येण्यास २०११ चा एप्रिल उजाडावा लागला. वन कायद्यातील झाडांच्या व्याख्येतून बांबू वगळला गेला तो तर २०१७ मध्ये. गवत की झाड, हा वाद पंडितांस करमणुकीचा वाटेल. मेंढ्याच्या लोकांचा त्यात पोटाचा प्रश्न होता.

'दुर्गम' हा शब्दही असेच काम करतो. त्याच्यामुळे तेथील बदली ही शिक्षा ठरते, आणि शिक्षा भोगावयास आलेला शिक्षक वा डॉक्टर परतीचे दिवस मोजत राहतो. मग रस्ता झाला तरी माणूस टिकत नाही, आणि आम्ही पुन्हा मुलखासच दोष देतो.

गडचिरोली जिल्हा १९८२ साली चंद्रपुरापासून वेगळा झाला. सरकारी नकाशा त्या वेळी बदलला; वाचकांच्या मनातील नकाशा आम्ही लिहिणाऱ्यांनीच रेखाटला आहे, तेव्हा तो दुरुस्त करण्याचे कामही आमचेच. निदान यापुढे दुर्गम लिहिताना 'कोठून' एवढे तरी लिहावे.