बंदोबस्त कुणाच्या दारात?

लग्नाची वरात काढायला हायकोर्टात जावं लागतं, दोस्तांनो! उत्तर प्रदेशात, कासगंज जिल्ह्यातल्या निजामपुरात, २०१८ साली एक जाटव पोरगा म्हणाला, माझी वरात ठाकुरांच्या वस्तीतून जाईल. प्रशासनाची सबब काय, तर अशी वरात आजवर गेलीच नाही. म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या केलेली दांडगाई हाच पुन्हा दांडगाईचा दाखला! एप्रिलमध्ये अलाहाबाद हायकोर्टानं अर्ज फेटाळला. कुणी जबरदस्ती केलीच, तर पोलिसात तक्रार करा म्हणे. आधी टाळकं फुटू दे, मग फिर्याद घेऊन ये. जुलैत वरात निघाली ती पोलिसांच्या गराड्यात, आखून दिलेल्या वाटेनं.

फुले-शाहू-आंबेडकरांचा महाराष्ट्र म्हणून छाती फुगवणाऱ्यांनी हसू नये. खैरलांजीची बाई साक्षीदार होती. मारहाणीच्या केसमध्ये तिनं आरोपी ओळखले. ते जामिनावर सुटले आणि त्याच दिवशी, २९ सप्टेंबर २००६ ला, तिच्या घरावर चालून गेले. आई, मुलगी, दोन मुलं, चौघांचा खून. जामीन देताना तिच्या दारात एक शिपाई उभा करावा असं कुणाच्या डोक्यात आलं नाही. वर कोर्टाला त्यात जातही दिसली नाही. अॅट्रॉसिटीचं कलम लागलंच नाही.

२०१५ साली कायदा दुरुस्त झाला. कलम १५-अ आलं. पीडित आणि साक्षीदारांचं संरक्षण हे राज्याचं कर्तव्य, असं त्यात छापलंय. २६ जानेवारी २०१६ पासून ते लागू आहे. मग २०१७ मध्ये खर्ड्याच्या खटल्यात साक्षीदार एकामागून एक कसे फुटले? एका शाळकरी पोराच्या खुनाचे आरोपी निर्दोष सुटले. पोराला मग मारलं कुणी, वाऱ्यानं?

आणि मिळालंच संरक्षण, तर ते कसं असतं? आमच्या दारात बंदूकवाला. आमच्या पोरी पाण्याला गेल्या की हा मागं. आम्ही कोंडलेले, आणि ज्यानं धमकी दिली तो चावडीवर मिशीला पीळ देत मोकळा. तो शिपाई तरी कुणाच्या घरी चहा पितो ते गावाला ठाऊक असतं. बंदोबस्त उठला की हिशेब चुकता.

तेव्हा वकीलसाहेब, अर्ज लिहिताना नुसतं 'संरक्षण मिळावे ही विनंती' असं लिहू नका. भीक मागायला आलो नाही आपण. कलम १० लावा. अत्याचारप्रवण ठरवलेल्या भागातून, गुन्हा करण्याची शक्यता असलेल्या माणसाला विशेष न्यायालय बाहेर काढू शकतं. गाव त्यानं सोडावं, आम्ही का सोडायचं? जो भाग अजून अत्याचारप्रवण ठरवलेला नाही, तो ठरवायची मागणी कलेक्टरच्या टेबलावर टाका. फिर्याद न घेणाऱ्या फौजदारावर कलम ४ लावायला सांगा. सहा महिने ते एक वर्ष कैद आहे त्यात. आणि कोर्टाच्या पायरीवर एकट्या विधवेला धाडू नका. तारखेला अख्खी वस्ती गेली पाहिजे, भाकरी बांधून.