बाळाला ‘टाटा कर’ म्हणू नका

दादासाहेब फाळके यांनी १९१९ साली ‘कालिया मर्दन’ हा मूकपट काढला. त्यात कृष्ण झाली होती त्यांची सात वर्षांची मुलगी मंदाकिनी. कथा सुरू होण्याआधी पडद्यावर नुसता तिचा चेहरा दिसतो आणि त्यावर एकामागून एक भाव उमटत जातात. मुलगी गुणी, यात शंका नाही. पण ते भाव सांगून करवून घेतलेले आहेत. सिनेमाला तेच हवे असते, डॉक्टरला नाही.

त्याआधी १८९५ मध्ये फ्रान्समधल्या ल्युमिएर बंधूंनी घरातल्या बाळाचे खाणे चित्रित केले होते. जेमतेम पाऊण मिनिटाची फिल्म. ऑगस्त ल्युमिएर आपल्या लहानग्या आंद्रेला भरवत आहेत. मध्येच ती हातातले बिस्किट कॅमेऱ्याच्या बाजूला उभ्या असलेल्या कुणाला तरी देऊ करते. मला त्या फिल्ममध्ये सर्वांत मोलाचे हेच वाटते. वर्षाच्या आसपास मूल हातातली वस्तू दुसऱ्याला दाखवू लागते, देऊ लागते. समोरच्या माणसाशी त्याचे सूत जुळत असल्याची ती खूण.

सरकारी रुग्णालयाच्या ओपीडीत ही खूण सहसा दिसत नाही. मेहकर-लोणारकडून एसटीने आलेले, झोपमोड झालेले, सुईला घाबरलेले मूल फक्त रडते. मग आई मोबाइल काढते. व्हिडिओ भरपूर, पण प्रत्येकात मागून आवाज : ‘टाटा कर, आजीला पापी दे!’ त्यावरून मला फारसे काही कळत नाही.

न सांगता टिपलेला व्हिडिओ मात्र कधी कधी तपासणीपेक्षा जास्त सांगतो. चार-सहा महिन्यांचे बाळ झोपेतून उठल्यावर एकदम मान खाली टाकते, हात आखडते, आणि थोड्या थोड्या वेळाने पुन्हा तसेच. घरचे म्हणतात, दचकते. पोटात कळ येत असेल. पण ती आकडी असू शकते, आणि उपचार लांबले तर मेंदूच्या वाढीवर परिणाम होतो. दवाखान्यात पोचेपर्यंत ते झटके थांबलेले असतात. म्हणून पूर्ण अंग दिसेल असा एक मिनिटाचा व्हिडिओ घ्या आणि त्याच दिवशी बाळाला घेऊन या.

एरवी मूल खेळत असताना फोन डब्याला टेकवून ठेवा आणि गप्प बसा. एकदाच नावाने हाक मारा. वळते का? बोटाने काही दाखवते का? शंका वाटली, तर अंगणवाडीत तपासणीला येणाऱ्या पथकाच्या डॉक्टरांनाही तो व्हिडिओ दाखवा. स्टेटसला मात्र ठेवू नका.